गोष्ट कमी, वातावरण जास्त: पहिली शॉर्टफिल्म करणाऱ्यांसाठी

‘प्लॉट-बिट काही नाही, फक्त मूड आहे’ असं सांगून दाखवल्या जाणाऱ्या शॉर्टफिल्म्स तुम्ही पाहिल्या असतील. गरगरणारा पंखा, खिडकीतून बाहेर बघणारी मुलगी, वाफाळता चहा, त्यावर उदास पियानो आणि शेवटी काळ्या पडद्यावर कवितेची ओळ. दहा मिनिटांनी बघणाऱ्याच्या हाती काही लागत नाही, कारण करणाऱ्यानेच काही ठरवलेलं नसतं. गोष्ट काढून टाकली की काम कमी होतं असं वाटतं, पण ते वाढतं. गोष्ट असली की ‘पुढे काय’ या ओढीने प्रेक्षक बसून राहतो आणि तुमचा खरखरता आवाज, फसलेला उजेड पोटात घालतो. गोष्ट नसली की त्याच्यापुढे तो उजेड आणि तो आवाज एवढंच उरतं.

हा लेख अशी फिल्म पहिल्यांदाच करणाऱ्यांसाठी आहे. दोन-तीन मित्र, एक फोन किंवा उसना कॅमेरा आणि बेताचे पैसे, एवढं भांडवल धरून लिहिते आहे. आवाजाचा भाग लांबलाय, तो मुद्दाम. उदाहरणाला एकच कल्पना शेवटपर्यंत धरू: नळाला पाणी येण्याआधीचा अर्धा तास. एक स्वयंपाकघर, एक बाई, दोन बादल्या, एक स्टीलचं पिंप. बस्स.

१. आधी जागा आणि वेळ ठरवा, विषय मागून येतो

‘एकटेपणा’ किंवा ‘शहरातली घुसमट’ असा विषय घेऊन बसू नका. विषयावरून जागा शोधायला गेलात की जागा सजावटीपुरती उरते. जागा अशी घ्या जिथे कुणाला फारसं न विचारता पुन्हा पुन्हा जाता येईल: आजीचं घर, मित्राची भाड्याची खोली, काकांचं बंद पडलेलं दुकान, ओळखीची पिठाची गिरणी. एका दिवसासाठी भाड्याने घेतलेल्या कोकणातल्या कौलारू घराच्या नादी लागू नका. तिथे सगळंच सुंदर दिसतं आणि तुम्हाला त्यातलं काहीच माहीत नसतं.

मग कॅमेरा घरी ठेवून त्या जागी वेगवेगळ्या वेळी जाऊन बसा. वही घ्या आणि घड्याळ बघून लिहा. आपल्या स्वयंपाकघराची नोंद काहीशी अशी होईल:

सव्वातीन: वरच्या मजल्यावर कुणीतरी खाट सरकवली. फ्रिज सुरू झाला.
साडेतीन: गल्लीत शाळेची रिक्षा, मुलांचा कालवा, मग लगेच सामसूम.
पावणेचार: ओट्यावरचा कवडसा सरकत मिक्सरपर्यंत आला.
चार: नळ सूं-सूं करायला लागला. आत हवा आहे, पाणी अजून नाही.
चार-पाच: नळ खाकरला, गढूळ पिचकारी उडाली, मग धार लागली.

अशा दोन-तीन नोंदी एकमेकींशेजारी ठेवल्या की रोज घडणारं काय आणि एखाद्या दिवशीचं काय ते वेगळं होतं. रोजचं ते तुमच्या फिल्मचं हाड. एखाद्या दिवशीचं तुम्हाला शूटिंगच्या वेळी मिळालं तर तुमचं नशीब, पण त्यावर भिस्त ठेवू नका.

२. एक बदल ठरवा

गोष्ट नको म्हणजे काहीच घडायला नको असं नाही. सुरुवातीला जे आहे ते शेवटी थोडं वेगळं हवं, आणि तो बदल दिसायला किंवा ऐकू यायला हवा. आपल्याकडे तो तयार आहे: कोरडा नळ, मग हवा, मग पाणी.

जोरिस इवेन्स आणि मान्नुस फ्रांकेन या डच दिग्दर्शकांचा ‘रेगेन’ हा १९२९ सालचा मूकपट शोधून बघा. बारा-चौदा मिनिटांत अॅमस्टरडॅममध्ये पाऊस येतो आणि जातो. नायक नाही, संवाद नाहीत. वारा, आभाळ, कालव्याच्या पाण्यावर पडलेले पहिले थेंब, उघडणाऱ्या छत्र्या, ट्रामच्या ओल्या काचा, मग उघडीप. वाटते एकच सर, पण ती वेगवेगळ्या दिवशीच्या पावसांतून जोडलेली आहे. आपल्या कामाचा धडा हाच की ‘आधी, चालू, नंतर’ एवढा सांगाडाही पुरतो, फक्त तो काटेकोर पाळावा लागतो.

बदल कॅमेऱ्याच्या हालचालीतही असू शकतो. शांताल अॅकरमन या बेल्जियन दिग्दर्शिकेच्या ‘ला शाँब्र’मध्ये (१९७२) कॅमेरा एका खोलीत गोल फिरत राहतो. खुर्ची, टेबल, किटली, पलंग. पलंगावर स्वतः अॅकरमन. प्रत्येक फेरीत ती काहीतरी निराळं करत असते. आपण पुढच्या फेरीची वाट बघायला लागतो, आणि प्रेक्षकाला वाट बघायला लावलीत की अर्धी लढाई जिंकलात.

इथला सापळा ओळखा. ‘नुसतं पाणी येणं कसं पुरेल?’ म्हणून शेवटी धक्का देण्याचा मोह होतोच. रुग्णालयातून फोन येतो, किंवा ती बाई मुळात जिवंतच नसते. भिंतीवरच्या फोटोला हार दिसला की आख्खी फिल्म त्या हाराची होते आणि आधी जमवलेलं सगळं वातावरण ‘क्लू’ म्हणून वाया जातं. हार काढा.

३. कागदावर दोन रकाने

पटकथा नसली तरी कागद लागतो, नाहीतर दिवसभर शूट करून हाती नुसती ‘फूटेज’ येते. पान उभं दुमडा. डावीकडे काय दिसतं, उजवीकडे काय ऐकू येतं. आठ-दहा ओळी पुरतात.

डावीकडे: ओटा, उलटी घातलेली पातेली, मागे नळ. उजवीकडे: फ्रिजची घरघर, लांबून भंगारवाल्याची हाळी.
डावीकडे: बाईचे हात, मेथी निवडताहेत. उजवीकडे: देठ मोडल्याचा आवाज, फ्रिज बंद होतो.
डावीकडे: रिकामी बादली, वरून. उजवीकडे: नळातली हवा. नळ दिसत नाही.

उजवा रकाना डाव्याचीच नक्कल करत असेल (बादली दिसते, बादलीचा आवाज) तर थांबा. निदान निम्म्या ओळींत तरी, जे दिसत नाही ते ऐकू यायला हवं. चौकटीबाहेर घर आहे, गल्ली आहे, हे प्रेक्षकाला तिथूनच कळतं. एका खोलीची फिल्म गुदमरत नाही ती त्यामुळेच.

४. सामान

- फोन किंवा कॅमेरा. फोन असेल तर शटर (एका फ्रेमला किती वेळ उजेड मिळतो), आयएसओ (उजेड टिपण्याची संवेदनशीलता) आणि फोकस हाताने बांधता येईल असं अॅप. ‘ब्लॅकमॅजिक कॅमेरा’ फुकट आहे, आयफोनवर चालतं आणि बऱ्याच अँड्रॉइड फोनवरही.
- जड ट्रायपॉड. हलका असेल तर मधल्या दांड्याला वाळूची पिशवी लटकवा, पाच किलो तांदळाचीही चालते.
- वेगळा साउंड रेकॉर्डर. झूम किंवा टास्कम कंपनीचा सगळ्यात छोटा भाड्याने स्वस्तात मिळतो. तोच घ्या, भारी लेन्स नको.
- माइकला घालायची केसाळ टोपी. बाहेरच्या वाऱ्यात स्पंजची पुरत नाही.
- हेडफोन, कान पूर्ण झाकणारे.
- काळं कापड आणि पांढरा थर्माकोल. लाइट भाड्याने घेऊ नका, आत्ता गरज नाही.
- दोन हार्ड डिस्क. कार्ड रिकामं करण्याआधी दोन्हींवर कॉपी झालीच पाहिजे.
- पावसाळ्यात शूट असेल तर हवाबंद डबा आणि सिलिका जेलच्या पुड्या. आपल्याकडच्या दमटपणात लेन्सला बुरशी धरते आणि ती पुसून जात नाही.

ड्रोन या यादीत नाही. वरून दिसणारं गाव कुठल्याही फिल्ममधलं असतं.

५. परवानग्या आणि कागदपत्रं

घरातल्या घरात शूट असेल तर हे एका संध्याकाळचं काम आहे, पण टाळू नका. वर्षभराने एखाद्या महोत्सवाने हक्कांचे कागद मागितले आणि घरमालकाचा फोनच लागत नसला, की तेव्हा हात चोळत बसावं लागतं.

- घरमालकाचं आणि सोसायटी असेल तर सेक्रेटरीचं लेखी संमतिपत्र, तारखांसह.
- पडद्यावर दिसणाऱ्या प्रत्येकाची सही असलेली संमती. घरातली मंडळी असली तरी. लहान मूल असेल तर पालकांची सही.
- कॅमेरा, आवाज, संकलन करणाऱ्या मित्रांशी एका पानाचा करार: फिल्मचे हक्क कुणाकडे, श्रेय कसं द्यायचं.
- तुम्ही स्वतः न केलेलं संगीत, चित्र किंवा कविता असेल तर तिची लेखी परवानगी.

रस्ता, बाग, सरकारी इमारत अशा जागांसाठी महाराष्ट्रात एक खिडकी योजना आहे, गोरेगावच्या चित्रनगरीचं काम बघणाऱ्या महामंडळामार्फत. रेल्वे स्टेशनसाठी रेल्वेची आणि संरक्षित किल्ले-लेण्यांसाठी पुरातत्त्व खात्याची परवानगी वेगळी. पहिल्या फिल्मला या वाटेला जाऊच नका. ट्रायपॉड उघडला की शिट्टी वाजणार, आणि ज्या शांततेसाठी गेलात ती तिथेच संपणार.

एक सापळा खास या प्रकारच्या फिल्मचा: मागे मंद वाजणारा रेडिओ. जुनं हिंदी गाणं लागलं की दुपार आयती तयार होते, म्हणून सगळ्यांनाच ते हवं असतं. ध्वनिमुद्रणाचा हक्क आपल्याकडे प्रकाशनानंतर ६० वर्षं चालतो, पण शब्दांचा आणि चालीचा हक्क गीतकार-संगीतकारांच्या निधनानंतर ६० वर्षं. म्हणजे १९५५ चं रेकॉर्ड मुक्त झालं असलं तरी गाणं मुक्त झालेलं नसू शकतं. गाणं सोडून द्या आणि रेडिओवर आवाज हवाच असेल तर मित्राला बाजारभाव वाचायला लावा. कांदा, लसूण, आवक, किमान-कमाल दर. दुपार त्यानेही होते.

६. उजेड

खिडकी हा तुमचा एकमेव लाइट आहे, तेव्हा ती कुठल्या दिशेला आहे ते आधी बघा. पुण्या-मुंबईच्या पट्ट्यात डिसेंबरात भर दुपारी सूर्य क्षितिजापासून ४७-४८ अंशांवरच असतो. दक्षिणेच्या खिडकीतून ऊन चांगलं दोन पावलं आत येतं, फरशीवर पसरतं. मेच्या मध्यावर आणि जुलैच्या शेवटी तोच सूर्य दुपारी थेट डोक्यावर असतो आणि त्याच खिडकीतून ऊन आत येतच नाही. ‘मार्चमध्ये बघून ठेवलेला कवडसा मे महिन्यात गायब’ ही तक्रार म्हणूनच ऐकू येते. पाहणी आणि शूटिंग यांत दोन-तीन आठवड्यांपेक्षा जास्त अंतर ठेवू नका.

तिन्हीसांजेचा उजेड हवा असेल तर घाई करावी लागेल. आपल्या अक्षांशावर सूर्य बुडाल्यापासून अंधारून येईपर्यंत वीस-पंचवीस मिनिटं मिळतात. युरोपातल्या फिल्म्समध्ये तासभर रेंगाळणारा निळा उजेड दिसतो, तो इथे नाही. एका संध्याकाळी एकच शॉट धरा आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा या.

खोली अंधारी असेल तर उजळू नका. काळं कापड टांगून दुसरी खिडकी बंद करा, म्हणजे उजेड एकाच बाजूने येईल आणि पातेल्याला, हाताला गोलाई येईल. पिंपाच्या स्टीलवर उमटणारी खिडकी ही फुकटची चैन आहे, ती चौकटीत बसतेय का बघा.

पाऊस दाखवायचा असेल तर आधी हे माहीत असू द्या: समोरून उजेड पडलेला पाऊस कॅमेऱ्याला दिसतच नाही. धो-धो कोसळत असतो आणि स्क्रीनवर नुसती राखाडी भिंत. उजेड पावसाच्या मागून हवा आणि त्याच्याही मागे काहीतरी गडद हवं: ओली झाडी, उघड्या दाराचा अंधार, काळं छप्पर. आणि एसी गाडीतून किंवा खोलीतून कॅमेरा थेट बाहेर काढू नका. लेन्सवर वाफ धरते. बॅगेतच अर्धा तास बाहेर ठेवा, मग उघडा.

७. कॅमेरा लावणं

सेटिंग एकदाच करा आणि विसरून जा. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, म्हणून सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५०. फोन मुळात ३० वर असतो. त्यामुळे ट्यूबलाइट आणि स्वस्तातले एलईडी पडद्यावर लपलपतात. एचडीआर (उजेड-अंधार आपोआप समतोल करणारी सोय) बंद. एक्स्पोजर (उजेडाचं प्रमाण), फोकस, व्हाइट बॅलन्स (रंगांचा समतोल) तिन्ही बांधून टाका. नाहीतर बाई खिडकीसमोरून गेली की फोन आपल्या मनाने खोली उजळतो, ती गेली की पुन्हा अंधारतो, आणि प्रेक्षकाला खोलीऐवजी फोन दिसायला लागतो.

प्रत्येक शॉट तुम्हाला हवा त्याच्या तिप्पट लांब घ्या. ‘अॅक्शन’ म्हणून ओरडू नका, ‘करा सुरू’ म्हणा आणि गप्प बसा. पहिलं मिनिट बाईला कॅमेऱ्याची जाणीव असते, मग ती कामाला लागते. हवा असलेला तुकडा बहुधा तिथून पुढे मिळतो. तिला ‘उदास दिसा’ कधीही सांगू नका. मेथी द्या निवडायला. मेथी संपली तर लसूण. काम खरं असलं की चेहरा आपोआप खरा होतो, मग ती नटी असो नाहीतर तुमची मावशी.

ट्रायपॉडवरून उतरू नका. हातात धरलेला कॅमेरा सतत ‘मी इथे आहे’ म्हणत राहतो. शॉटच्या मधेच झूम-फोकसशी खेळ नको. चौकट लावल्यावर चारही कडा बोट फिरवून बघा. कोपऱ्यातली निळी प्लास्टिकची पिशवी आत्ता दिसत नाही, मोठ्या पडद्यावर सगळ्यात आधी तीच दिसते. ती ठेवायची असेल तर खुशाल ठेवा, पण ठरवून.

८. आवाज

आता खरं काम.

पहिली गोष्ट, फोनच्या स्वतःच्या माइकवर शांतता रेकॉर्ड करता येत नाही. आवाज कमी झाला की तो आपोआप संवेदनशीलता वाढवतो, म्हणून गप्प खोलीत हळूहळू सर्रर्र असा फुसकारा चढतो आणि कुणी भांडं ठेवलं की धप्पकन खाली बसतो. म्हणून वेगळा रेकॉर्डर आणि पातळी हाताने ठरवलेली. रेकॉर्डरचं सेटिंग ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट. सगळ्यात मोठा आवाज रेकॉर्डरच्या मीटरवर उणे १२ डेसिबलच्या आसपास राहू द्या.

दुसरी, फ्रिज. शॉटच्या वेळी बंद करा. एडिटमध्ये हवा असेल तर तो आवाज वेगळा रेकॉर्ड करता येतो. बंद केल्यावर स्कूटरची किल्ली फ्रिजच्या आत ठेवा. आवाजाचं काम करणाऱ्यांची ही जुनी युक्ती आहे: किल्ली घेतल्याशिवाय घरी जाता येत नाही, त्यामुळे फ्रिज चालू करायचा राहत नाही आणि यजमानांचं दूध नासत नाही. पंख्याचंही तसंच. पंखा चौकटीत दिसत असेल तर चालू ठेवावाच लागेल. मग तीच कामं पंखा बंद करून नुसती आवाजासाठी पुन्हा करून घ्या.

तिसरी, खोलीचा स्वतःचा आवाज. प्रत्येक जागी सगळी मंडळी हजर असताना, कुणीही न हलता, एक पूर्ण मिनिट रेकॉर्ड करा. फ्रिज चालू असताना एक, बंद असताना एक, खिडकी उघडी असताना एक. एडिटमध्ये दोन शॉट जोडताना मधली फट याच मिनिटाने भरायची असते. ती नुसत्या शून्याने भरली तर साउंड सिस्टिम बंद पडल्यासारखं वाटतं.

मग एकेका वस्तूकडे वळा. आपली फिल्म पाण्याची आहे, तर नळापाशी एक दुपार द्या. माइक नळाच्या तोंडाजवळ धरला तर हवेची शिट्टी मिळते. पाइप भिंतीत शिरतो तिथे धरला तर घशातून आल्यासारखी गुरगुर मिळते, आणि पाणी येणार हे त्या गुरगुरीवरूनच कळतं, पिचकारीच्या बरंच आधी. रिकाम्या प्लास्टिकच्या बादलीत धार पडते तो आवाज पोकळ, पसरट. बादली भरत जाते तसा वरचा मोकळा भाग कमी होतो आणि आवाजाची पट्टी चढत जाते. डोळे मिटूनही ‘आता बंद कर नळ’ म्हणता येतं ते त्यामुळेच. एडिटमध्ये हे विसरलात तर घोळ होतो: चित्रात बादली अर्धी आणि आवाजात काठोकाठ. बघणाऱ्याला काय चुकलं ते सांगता येत नाही, पण काहीतरी खोटं आहे हे त्याला लगेच कळतं. म्हणून बादली सुरुवातीपासून भरेपर्यंत सलग रेकॉर्ड करा. पिंपाचीही वेगळी करा, स्टीलचा नाद निराळा.

पावसाचंही असंच. अंगणात माइक धरून घेतलेला पाऊस म्हणजे तेलात काहीतरी तळल्यासारखा एकसुरी आवाज. पाऊस कशावर पडतोय ते ऐकू यायला हवं: पत्रा, केळीचं पान, उलटी ठेवलेली परात, छत्री, पन्हळीतून खाली पडणारी धार. हे सगळं सुटं सुटं घ्या आणि नंतर एकावर एक चढवा.

जवळचा, मधला आणि लांबचा असे तीन थर मनात ठेवा. मेथीचे देठ जवळचे, वरच्या मजल्यावरची खाट मधली, भंगारवाला लांबचा. शांतता दाखवायला लांबचा आवाजच लागतो. तो ऐकू आला की बाकी सगळं गप्प आहे हे आपोआप कळतं. सगळंच काढून टाकलं तर शांतता नव्हे, बहिरेपण येतं.

इंटरनेटवरून उतरवलेले पक्षी वापरू नका. साताऱ्याच्या अंगणात युरोपातला पक्षी गाताना मी ऐकला आहे. स्वतः रेकॉर्ड केलेल्यातही ऋतू सांभाळा. कोकीळ प्रामुख्याने उन्हाळ्यात ओरडतो, बेडूक पाऊस पडल्यावर. डिसेंबरच्या सकाळी कुहूकुहू घातलंत तर गावाकडचा प्रेक्षक हसेल आणि ते बरोबरच आहे.

पार्श्वसंगीत? पहिल्या फिल्मला नको. कुठल्या शॉटला ते हवंसं वाटतं त्याची यादी मात्र करा. त्या शॉटमध्ये चित्र किंवा आवाज कमी पडतोय, तो दुरुस्त करा.

९. एडिट

डाविंची रिझॉल्व्ह या एडिटिंग सॉफ्टवेअरची फुकट आवृत्ती पुरते. फोनवर मूळच्या अॅपमधून शूट केलं असेल तर एक अडचण येईल: फोन फ्रेमचा वेग सतत किंचित बदलत राहतो आणि वेगळा रेकॉर्ड केलेला आवाज हळूहळू सरकतो. हँडब्रेक नावाच्या फुकट सॉफ्टवेअरमधून फाइल एकसमान वेगाची करून घ्या, मग एडिटला बसा.

आधी आवाज लावा, चित्र नंतर. अर्ध्या तासाची दुपार सात-आठ मिनिटांत ऐकायला कशी लागते ते ठरवा आणि मग त्यावर शॉट बसवा. शॉट किती ठेवायचा? डोळा चौकटीत सगळीकडे फिरून एका जागी परत येतो, तिथून किंचित पुढे कापा. त्याच्या आधी कापलंत तर जाहिरात होते, फार नंतर कापलंत तर प्रेक्षकाला तुमचा हट्ट दिसतो. संथ असणं आणि लांबलेलं असणं वेगळं. पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपट-शिक्षण संस्थेत शिकत असताना पायल कपाडियाने केलेली ‘आफ्टरनून क्लाउड्स’ २०१७ मध्ये फ्रान्समधल्या कान महोत्सवाच्या विद्यार्थी विभागात होती. एक म्हातारी, तिच्याकडे काम करणारी मुलगी, एक दुपार. तेरा मिनिटं. पहिल्या फिल्मला दहाच्या आत राहा.

पहिला कट झाला की काही दिवस उघडू नका. मग दोनदा बघा: एकदा स्क्रीन झाकून नुसती ऐका, एकदा आवाज बंद करून. ज्या भागात दोन्हीकडे कंटाळा आला तो काढून टाका, तिथे कितीही कष्ट गेलेले असोत. मित्रांना दाखवताना ‘आवडली का?’ विचारू नका, सगळे हो म्हणतात. ‘मोबाइलकडे हात कधी गेला?’ आणि ‘किती वाजले असतील असं वाटलं?’ हे विचारा. दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर दुपारी चारच्या जवळपास आलं तर वातावरण जमलं.

रंग फार पिळू नका. सावल्या निळ्या आणि चेहरे नारिंगी केले की मिक्सरसुद्धा परदेशी दिसायला लागतो. सुरुवातीची आणि शेवटची कवितेची पाटी काढा.

१०. फिल्म बाहेर पाठवणं

यूट्यूबवर टाकण्याची घाई नको. काही महोत्सवांना आधी कुठेच न दाखवलेली फिल्म लागते. नियम वाचून मगच ठरवा. बहुतेक प्रवेशिका फिल्मफ्रीवे या संकेतस्थळावरून जातात. लवकर भरलं की फी कमी असते, शेवटच्या आठवड्यात ती चांगलीच चढते. आपल्याकडे १९९० पासून भरणारा मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव (मिफ) माहितीपट, लघुपट आणि अॅनिमेशनसाठीच आहे, दर दोन वर्षांनी असतो. केरळचा माहितीपट-लघुपट महोत्सव तिरुवनंतपुरमला असतो. बाहेर जर्मनीतला ओबरहाउझेनचा महोत्सव १९५४ पासून लघुपटांचाच, आणि विचित्र, शांत फिल्म्सना तिथे जागा असते. ‘तीस हजार प्रेक्षकांसमोर ऑनलाइन पुरस्कार’ वगैरे देणारे, दर महिन्याला भरणारे, फी घेऊन हमखास प्रमाणपत्र पाठवणारे महोत्सव टाळा.

सेन्सॉरबद्दल सगळे विचारतात. थिएटरात सार्वजनिक प्रदर्शन करायचं असेल तर केंद्रीय चित्रपट प्रमाणन मंडळाचं प्रमाणपत्र लागतं. महोत्सवासाठी सूट मिळवण्याचं काम आयोजक करतात. यूट्यूबला प्रमाणपत्र लागत नाही.

सोबत लागणारं: उपशीर्षकांची एसआरटी फाइल (दोनच वाक्यं असली तरी, आणि रेडिओवरच्या बाजारभावांचीही), तीन-चार स्थिरचित्रं, पोस्टर, श्रेयनामावली, दिग्दर्शकाचं छोटं मनोगत आणि सारांश. सारांशाला सगळे अडतात, कारण गोष्टच नाही. जागा, वेळ आणि बदल एवढंच लिहा: ‘उन्हाळ्यातली दुपार. एका गावातल्या स्वयंपाकघरात एक बाई भाजी निवडत नळाला पाणी येण्याची वाट बघते. पाणी येतं.’ ‘मानवी अस्तित्वाच्या पोकळीचा शोध’ असं काही लिहिलंत तर निवड करणारा पुढची फिल्म लावेल.

प्रोजेक्शनबद्दल एक शेवटची सूचना, एका महोत्सवात हात पोळल्यावर शिकलेली. फिल्मची पहिली वीस सेकंदं जवळजवळ निःशब्द ठेवली होती. ऑपरेटरला वाटलं आवाज येत नाही, त्याने व्हॉल्यूम वाढवला, आणि पुढच्या शॉटला भांडं पडलं तेव्हा पहिल्या रांगेतले आजोबा खुर्चीतून उडाले. तेव्हापासून सुरुवातीच्या पाच सेकंदांत नेहमीच्या पातळीचा एखादा आवाज ठेवते, आणि शो असेल तिथे आधी जाऊन एका मिनिटाची चाचणी मागून घेते. मागितली की बहुतेक ठिकाणी देतात.